दगडू, देवदत्त आणि नवघरे

"चार नावं आहेत. यातलं एक सांगा," म्हणत बापूने मोबाइल कट्ट्यावर मधोमध ठेवला.

ठाण्यात तलावपाळीला आमची बैठक साडेसहाची. चहा येऊन गार होत होता आणि मास्तरांचं गुडघ्याचं गाऱ्हाणं नुकतंच संपलं होतं. बापूची मुलगी फ्रान्समध्ये तुलूझला असते. दोन आठवड्यांत तिला मुलगा होणार. तिकडे मुलगा की मुलगी ते आधी सांगतात, त्यामुळे नावाचा घोळही आधीच सुरू होतो. स्क्रीनवर तिने देवनागरीत लिहिलं होतं: लुई, रेने, पिएर, रेमी.

"अथर्व, विहान वगैरे काही नाही?" मी विचारलं.

"नको म्हणते. हेमंतची गत बघितली ना तिने." हेमंत म्हणजे जावई. फ्रेंच माणूस 'ह' उच्चारत नाही, शेवटचा 'त' गिळतो, आणि 'अन'चा करतो 'आँ'. त्यामुळे आठ वर्षं ऑफिसात हेमंतचा 'एमाँ' झालाय. मॅडम खुदकन हसल्या. त्यांनी कॉलेजात सत्तावीस वर्षं फ्रेंच शिकवलं. "एमाँ म्हणजे लोहचुंबक," त्या म्हणाल्या. "आणि प्रेमळसुद्धा. म्हणजे जावयाला तोटा काही नाही."

बापूचं समाधान झालं नाही. "ते ठीक आहे हो, पण या चौघांना अर्थ काय? आपल्यात नाव ठेवताना अर्थ बघतात. उगाच कानाला गोड लागतं म्हणून काहीही ठेवायचं?"

पक्याने तोवर मोबाइलवर शोधलंच होतं. "लुई. रणांगणात नाव गाजवलेला. जर्मन मुळाचं आहे, क्लोविस पण तेच नाव. या नावाचे राजे मोजत अठराव्या लुईपर्यंत गेले. पाश्चर लुई, ब्रेल लुई. रेने म्हणजे पुन्हा जन्मलेला. देकार्त रेने, आणि तो स्टेथोस्कोपवाला लाएनेक पण रेने. आणि पिएर…" तो फुटलाच. "पिएर म्हणजे दगड! बापू, नातवाचं नाव दगडू ठेवताय!"

सगळे हसले. बापू हसला नाही. त्याने चहाचा ग्लास उचलला, त्यात माशी आहे का बघितलं आणि परत ठेवला. तेव्हा माझ्या ते लक्षात आलं नाही.

"हसू नकोस," मॅडम पक्याला म्हणाल्या. "बायबलमध्ये येशू शिष्याला म्हणतो, तू पिएर आहेस आणि या पिएरवर मी माझं चर्च बांधीन. इंग्रजीत पीटर आणि रॉक, तिथे तो श्लेष मेला. फ्रेंचमध्ये जसाच्या तसा जिवंत आहे, नाव आणि दगड एकच शब्द. मराठीत करायचा तर दगडूच म्हणावं लागेल. आणि पिएर क्युरीला कोणी दगडू म्हणून हसलं नाही."

"म्हणजे अर्थाला काही किंमत नाही, माणूस मोठा पाहिजे. हेच म्हणतोय मी," पक्या म्हणाला. तो असं काही म्हणत नव्हता, पण वादात अशी उडी चालते.

"तसंही नाही," मॅडम म्हणाल्या. "फ्रेंच माणसाला नावात अर्थ ऐकूच येत नाही. त्याला तारीख ऐकू येते."

इथे मास्तरांनी गुडघ्यावरचा हात काढला. इतिहासाचा माणूस. "क्रांतीनंतर तिथे नवं कॅलेंडर आलं. संतांचे दिवस रद्द, आणि प्रत्येक दिवसाला भाजी, जनावर, अवजार नेमलेलं. गाजराचा दिवस, बटाट्याचा दिवस, गाढवाचा दिवस. लोकांनी पोरांची नावंही क्रांतीच्या झटक्यात वाट्टेल ती ठेवली. मग नेपोलियनच्या काळात कायदा झाला. नाव ठेवायचं तर वेगवेगळ्या कॅलेंडरांत सापडतं ते किंवा प्राचीन इतिहासातल्या प्रसिद्ध माणसाचं. बाकी नाव कारकुनाने नोंदवायचंच नाही. तारीख १ एप्रिल १८०३."

"एप्रिल फूल," पक्या.

"फूल नव्हे, जवळजवळ दोनशे वर्षं चाललं. १९६६ साली जरा सैल केलं आणि १९९३ च्या कायद्याने आईबापांना मोकळीक मिळाली."

म्हणजे सरकारच म्हणतंय, भिंतीवरचं कालनिर्णय काढा आणि आजच्या रकान्यात काय आहे ते ठेवा. आपल्याकडे पंचांगातून अक्षर काढायची पद्धत आहे, पण च, चे, चो निघालं म्हणून महानगरपालिकेचा कारकून दाखला अडवत नाही. मला हा कायदा अन्यायाचा वाटला, तसं बोललोही. मॅडम म्हणाल्या, "आताही अडवतात. मोकळीक आहे, पण नाव मुलाच्या हिताविरुद्ध वाटलं तर नोंदणी करणारा सरकारी वकिलाला कळवतो आणि प्रकरण न्यायाधीशापुढे जातं. वालाँसिएनला २०१४ मध्ये एका मुलीचं नाव न्युटेला ठेवलं होतं."

"ब्रेडला लावतात ते?"

"तेच. कोर्ट म्हणालं, पोरीची टिंगल होईल. आईबाप सुनावणीला आलेच नाहीत. न्यायाधीशाने पुढचं 'न्युट' उडवलं आणि एला करून टाकली."

ही गोष्ट पक्याला इतकी आवडली की त्याने लगेच आपल्या सोसायटीतल्या पोरांची नावं अशीच कापायला घेतली. ती इथे देत नाही.

"पण खरी गंमत केव्हिनची," मॅडम पुढे म्हणाल्या. "आयरिश नाव. १९९१ साली फ्रान्समध्ये मुलांच्या नावांत पहिला नंबर, एका वर्षात १४,००० हून जास्त केव्हिन. हॉलिवूडचे नट, अमेरिकन मालिका, त्यातून आलं. साध्या कामगार वस्तीतल्या आईबापांनी हौसेने ठेवलं. आणि शिकलेसवरलेले लोक नाक मुरडायला लागले. आज तिथे केव्हिन नावाचा डॉक्टर भेटला तर लोक आधी गालात हसतात. त्या नावाचा मूळ अर्थ देखणा, सुकुमार असा काहीसा आहे. कोणाला ऐकू येतो? ऐकू येतं ते एवढंच की हा नव्वदीतला, आणि याच्या घरात टीव्ही सारखा चालू असायचा."

"आणि एम्बापे किलियन, ते पण आयरिशच की," पक्या म्हणाला. "त्याला नाही हसत कोणी."

"गोल मारतो म्हणून नाही हसत," मास्तर म्हणाले. हा मुद्दा पक्याच्या बाजूचा होता, तरी तो गप्प बसला, कारण मास्तरांनी काढला होता.

मला विचाराल तर मॅडमचं पटलं. आपल्यातही कुसुम म्हटलं की कोणाला फूल दिसतं? नऊवारीतून पाचवारीत आलेली मावशी दिसते. प्रकाश म्हटलं की साठ-सत्तरच्या दशकातला, बँकेतून रिटायर. तिकडे विसाव्या शतकाच्या पहिल्या अर्ध्यात मुलींमध्ये मारी कायम पहिली, इतकी की पुरुषांच्या नावातही घुसलेली. व्होल्तेरचं खरं नाव फ्रान्स्वा-मारी आरुए. व्हिक्तोर ह्यूगो म्हणजे व्हिक्तोर-मारी. आणि तो सहा फुटांवर उंच जनरल, चार्ल्स द गॉल, त्याचं पूर्ण नाव शार्ल आंद्रे जोझेफ मारी. बापूला हे खरं वाटेना. "बाईचं नाव?" मास्तर म्हणाले, "सीताराम, राधाकृष्ण आपल्यात आहेत ना? त्यांना बाई म्हणतोस का?"

मग गोवा निघालं. निघणारच, कारण पक्या मागच्या महिन्यात जाऊन आलेला आणि जुन्या गोव्यात बॉम जेझूसमध्ये सेंट झेव्हियरची पेटी बघून आलेला. "झेव्हियर फ्रेंच ना?"

"फ्रेंचांत ग्झाव्हिए म्हणतात, पण तो नव्हे," मॅडम म्हणाल्या. "आता स्पेनमध्ये असलेल्या नाव्हारचा. १५०६ चा जन्म, हाव्हिएर नावाच्या किल्ल्यातला. शब्द बास्क भाषेतला, मूळ एचेबेरी, म्हणजे नवं घर."

"नवघरे!" मी आणि मास्तर एकदमच म्हणालो.

"थांबा, पुढे आहे. पहिलं नाव फ्रान्सिस. ते नावच मुळी 'फ्रेंचवाला' या अर्थाचं. इटलीतल्या असिसीचा संत फ्रान्सिस, त्याचं पाळण्यातलं नाव जिओव्हानी. बाप कापडाचा व्यापारी, फ्रान्सचं कौतुक, म्हणून पोराला फ्रान्चेस्को म्हणायला लागला. तिथून ते जगभर गेलं. म्हणजे गोव्याचे सायब कोण, तर फ्रान्सवाले नवघरे. जे फ्रान्सचे नव्हतेच, पॅरिसला शिकायला होते तेवढेच."

इटलीतल्या बापाने फ्रान्सच्या हौसेपायी ठेवलेलं नाव, मग दोन फ्रेंच राष्ट्राध्यक्षांचं (मितेराँ आणि ओलांद, दोघे फ्रान्स्वा), आणि वसईत फादर फ्रान्सिस दिब्रिटोंचं, जे २०२० साली उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. या एका नावावर रात्र काढता आली असती. पण बापूने परत गाडी रुळावर आणली.

"ते संत आणि राष्ट्राध्यक्ष राहू द्या. मला एवढंच सांगा, अर्थाचा माणसाला त्रास होतो की नाही?"

आवाज जरा वेगळा होता. मॅडम म्हणाल्या, "क्लोद नाव आहे बघा. लॅटिनमधल्या 'लंगडा'वरून आलेलं. चित्रकार मोने क्लोद, संगीतकार देब्युसी क्लोद, त्यांना काय त्रास झाला? एक क्लोद राणी मात्र खरंच लंगडत चालायची. लोकांनी तिच्या नावाने एका हिरव्या आलुबुखाराला 'रेन-क्लोद' म्हटलं. अजून बाजारात त्याच नावाने मिळतो."

"कारण लॅटिन कोणाला येत नाही," मास्तर म्हणाले. "अर्थ झाकलेला असला की त्रास नाही. उघडा असला की होतो. आपल्या महादजी शिंद्यांचा डी बॉयन घ्या."

हे मास्तरांचं आवडतं पान. महादजींच्या कवायती पलटणी ज्याने उभ्या केल्या, १७९० मध्ये पाटण आणि मेडता जिंकून दिलं, तो डी बॉयन म्हणजे सॅव्हॉयमधल्या शांबेरी गावचा. "पाळण्यातलं नाव बन्वा, म्हणजे धन्य, आशीर्वाद मिळालेला. पण आडनाव ल बॉर्न्य. मॅडम, सांगा अर्थ."

"एका डोळ्याने आंधळा. काणा."

"हां. आणि हा रोजच्या वापरातला शब्द, पोरंसोरं ओळखतात. याने काय केलं? दोन-तीन अक्षरं फिरवली, पुढे 'द' लावला, खानदानी करून टाकलं. फौजेत तेच चाललं. हिंदुस्थानातून पैसा घेऊन गावी गेला, गावाला भरपूर दानधर्म केला. १८३० मध्ये वारला, पुढे गावाने कारंजं बांधलं. चार दिशांना चार हत्ती, पण खांबातून नुसते पुढचे अर्धे बाहेर आलेले. शांबेरीचे लोक त्यांना 'बिनढुंगणाचे चार' म्हणतात. तेवढं सोडलं तर इज्जत पूर्ण. आणि त्याच्यामागून शिंद्यांच्या फौजेचा मुख्य कोण झाला? पेरों. पहिलं नाव पिएर. आणि पेरों म्हणजे दगडी पायऱ्यांचा ओटा. तेही त्याने स्वतःच घेतलेलं, मूळ आडनाव क्युलिए. दगड तर दगड."

कोणीतरी हसेल म्हणून मास्तर थांबले. बापू पाण्याकडे बघत होता. मसुंदा तलावात पायडलच्या बोटी परत काठाला येत होत्या, शिट्टी वाजवणारा माणूस वैतागला होता.

"माझं नाव धोंडू," बापू म्हणाला.

पाटीवर डी. व्ही. आहे. बँकेत डी. व्ही. होता. तीस वर्षं आम्ही दत्तात्रय समजत आलो, त्याच्या साठीच्या केकवरसुद्धा कोणी विचारलं नाही, बापूच लिहिलं. "माझ्याआधी दोघे गेले, एक सव्वा वर्षाचा, एक दोन महिन्यांचा. आजी म्हणाली, याचं नाव असं ठेवा की कोणाची नजर जाऊ नये. धोंडा कोण उचलून नेतो? शाळेत मास्तर हजेरी घ्यायचे तेव्हा मी अख्खा वर्ग हसायची वाट बघत उभा राहायचो. कॉलेजात गेलो तसा बापू झालो. अर्थाला किंमत नाही म्हणणं सोपं आहे रे पक्या."

पक्याने मोबाइल उलटा ठेवला. "सॉरी, बापू."

"सॉरी काय त्यात. तू दगडू म्हणालास, धोंडू नाही."

थोडा वेळ कोणी बोललं नाही. मग मास्तरच म्हणाले, "चौदावा लुई झाला ना, तेव्हा राजाराणीच्या लग्नाला २३ वर्षं झाली होती, मूल जगत नव्हतं. १६३८ मध्ये पोर झालं आणि नाव ठेवलं लुई-दिअदोने. दिअदोने म्हणजे देवाने दिलेला."

"देवदत्त," मॅडम म्हणाल्या.

"तुझ्या आजीची आणि त्या राणीची भीती एकच, बापू. राजवाड्यात देवदत्त म्हणतात, आपल्या वाड्यात धोंडू म्हणत. तिने देवाला दाखवून ठेवलं, हिने लपवून."

हे मला तितकंसं पटलं नाही. राणीला हजेरीत उभं राहावं लागलं नव्हतं. पण बापूने मान डोलावली, त्यामुळे मी बोललो नाही.

"चौथं राहिलं की," मी म्हणालो. "रेमी."

"रेमी सोपं आहे," मॅडम म्हणाल्या. "फ्रँकांचा राजा क्लोविस, त्याला बाप्तिस्मा देणारा रांसचा बिशप. नाव लॅटिनमधून. वल्हं मारणारा."

"नावाडी," मास्तर म्हणाले.

"नाव काय, तर नावाडी!" पक्याला राहवलं नाही, आणि या वेळी बापूही हसला. "रेमीला तिकडे कोणी हसणार नाही आणि इकडे आजीला म्हणता येईल," असं त्याने जाहीर केलं. इथली आजी म्हणजे वहिनी, त्या काहीही म्हणू शकतात.

मी विचारलं, "मग पिएर लिस्टमध्ये घातलं कोणी? हेमंतने?"

"तिनेच. दाखल्यांवर माझं नाव वाचलंय तिने लहानपणापासून." बापूने मोबाइल उचलला आणि खालचा मेसेज वाचला, जो त्याने आम्हाला दाखवला नव्हता. तिकडे मधल्या नावात आजोबांचं नाव घालायची पद्धत आहे, बाबा तुमचं काय लिहू, असं होतं. तो बराच वेळ अंगठा स्क्रीनवर धरून बसला.

"मॅडम, स्पेलिंग काय त्याचं?"

"कशाचं? रेमीचं?"

"पिएरचं."

"पी, आय, ई, आर, आर, ई."

"आर दोनदा?"

"दोनदा."