लोरेंझो नील: ज्याच्या कामाला रकानाच नाही

अमेरिकन फुटबॉल हा आकडेवारीचा वेडा खेळ आहे. चेंडू घेऊन कोण किती वेळा धावला, प्रत्येक धावेत सरासरी किती यार्ड मिळाले, कोणी किती झेल घेतले आणि कोणाच्या हातून चेंडू किती वेळा निसटला, या सगळ्याचे कित्येक दशकांचे तक्ते उपलब्ध आहेत. या तक्त्यांत लोरेंझो नील या नावापुढे सोळा वर्षांच्या कारकिर्दीत धावेचे जेमतेम आठशे यार्ड दिसतात. चांगला धावपटू एवढे यार्ड एका हंगामाच्या अर्ध्यात मिळवतो. तरीही २००० ते २००९ या दशकातील सर्वोत्तम खेळाडूंचा जो संघ हॉल ऑफ फेमच्या, म्हणजे या खेळातल्या थोरांच्या सन्मान-दालनाच्या, निवड समितीने जाहीर केला, त्यात फुलबॅक या जागेसाठी नीलचे नाव होते. ही विसंगती मला फार दिवसांपासून खुणावते आहे. माझे मत असे आहे की नीलची थोरवी सांगताना त्याचे चाहतेसुद्धा चुकीचा आकडा पुढे करतात.

हा खेळ न पाहणाऱ्यांसाठी आधी थोडे सांगणे भाग आहे. चेंडू हाती घेऊन सगळे डाव सुरू करणारा तो क्वार्टरबॅक. जुन्या पद्धतीच्या रचनेत त्याच्या मागे, एका सरळ रेषेत दोन खेळाडू उभे राहत. त्यांतला पुढचा फुलबॅक आणि मागचा मुख्य धावपटू. चेंडू धावपटूच्या हाती जाण्याच्या क्षणी फुलबॅक त्याच्या आधी त्याच फटीत शिरतो आणि समोरून भरधाव येणाऱ्या लाइनबॅकरला, म्हणजे बचावाच्या दुसऱ्या फळीतल्या खेळाडूला, छातीवर घेतो. त्या धडकेत लाइनबॅकर एक-दोन पावले जरी बाजूला सरकला, तरी मागच्या धावपटूला वाट मिळते. मिळालेले यार्ड धावपटूच्या नावावर लागतात. फुलबॅकच्या नावावर काहीच लागत नाही, कारण अधिकृत तक्त्यांत या कामासाठी रकानाच नाही.

ही जागा पहिल्यापासून अशी नव्हती. क्लीव्हलंड ब्राउन्सचा जिम ब्राउन फुलबॅकच होता आणि १९५७ ते १९६५ या नऊ हंगामांत त्याने १२,३१२ यार्ड मिळवले. १९७२ मध्ये एकही सामना न हरलेल्या मायामी डॉल्फिन्सचा लॅरी झोंकासुद्धा फुलबॅक होता आणि चेंडू मुख्यतः तोच घेऊन धावे. पुढे चेंडू मागच्या, अधिक चपळ धावपटूकडे गेला आणि फुलबॅककडे फक्त अडवण्याचे काम उरले. नाव जुनेच राहिले, अधिकार मात्र गेला.

नीलचा जन्म १९७० चा. तो कॅलिफोर्नियाच्या मध्य खोऱ्यातल्या, शेतीवाडीने वेढलेल्या लेमूर या गावात वाढला आणि पुढे फ्रेस्नो स्टेट विद्यापीठात शिकला. तिथे तो फुटबॉलबरोबर कुस्तीही खेळला आणि कुस्तीत ऑल-अमेरिकन हा देशातल्या अव्वल विद्यापीठ खेळाडूंना मिळणारा मान मिळवण्याइतका चांगला खेळला. मला त्याच्या चरित्रातली ही सर्वांत महत्त्वाची गोष्ट वाटते. सुमारे पाच फूट अकरा इंच उंची आणि एकशे पंधरा किलोच्या आसपास वजन असलेला माणूस त्याच्याहून उंच, ताज्या दमाच्या लाइनबॅकरला वर्षानुवर्षे कसा हलवत राहिला, याचे उत्तर तालमीत आहे. कमर खाली, पाठ ताठ, हात समोरच्याच्या छातीच्या आतल्या बाजूला आणि धडक बसल्यानंतरही पाय चालते. जो खाली राहतो तो जिंकतो, हे आपल्याकडच्या कोणत्याही वस्तादाला वेगळे सांगावे लागणार नाही. नीलचे जुने सामने पाहताना धडकेचा आवाज विसरून केवळ त्याच्या गुडघ्यांकडे आणि कमरेकडे पाहिले, तर तो फुटबॉलच्या पोशाखातला पैलवानच दिसतो.

१९९३ मध्ये नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत न्यू ऑर्लिन्स सेंट्सने त्याला चौथ्या फेरीत घेतले. पहिल्या दोन सामन्यांत तो चेंडू घेऊनही उत्तम धावला होता, पण लगेचच घोटा मोडला आणि तो हंगाम संपला. त्यानंतर कोणत्याही संघाने त्याला मुख्य धावपटू मानले नाही. घोटा शाबूत राहिला असता तर तो वेगळाच खेळाडू झाला असता का, या प्रश्नात मला फारसा रस नाही. पदरात पडलेल्या कामाला कमी न लेखता त्याने ते इतके नीट केले की ते करणाऱ्यांत त्याच्या तोडीचा दुसरा उरला नाही, एवढे पुरेसे आहे.

सेंट्सनंतर १९९७ मध्ये न्यूयॉर्क जेट्स, १९९८ मध्ये टॅम्पा बे बकनिअर्स, मग दोन वर्षे टेनेसी टायटन्स, दोन वर्षे सिनसिनाटी बेंगल्स आणि २००३ पासून पाच वर्षे सॅन डिएगो चार्जर्स असा त्याचा प्रवास झाला. या अकरा हंगामांत, म्हणजे १९९७ ते २००७ या काळात, तो ज्या संघात होता त्या संघाच्या धावपटूने दर वर्षी एक हजार यार्डांचा टप्पा ओलांडला. जेट्सचा एड्रियन मरेल, टॅम्पाचा वॉरिक डन, टेनेसीचा एडी जॉर्ज, सिनसिनाटीचा कोरी डिलन आणि सॅन डिएगोचा लाडेनियन टॉमलिन्सन. नीलबद्दल जे काही लिहिले जाते, त्यात हा अकरा वर्षांचा आकडा पहिल्या परिच्छेदातच येतो.

माझा आक्षेप याच आकड्याला आहे. मरेल, जॉर्ज, डिलन आणि टॉमलिन्सन हे चौघेही नील येण्याच्या आधीच्या वर्षी हजार यार्ड ओलांडून बसले होते. मोठ्या धावपटूंच्या पुढे उभे राहण्याचे भाग्य लाभले, एवढेच या आकड्यावरून सिद्ध होते असे कोणी म्हटले, तर त्याला उत्तर देणे कठीण आहे. शिवाय फुलबॅकचे कर्तृत्व पुन्हा दुसऱ्याच्याच रकान्यातून मोजायचे, हा त्यातला मूळ दोष तसाच राहतो.

अधिक बोलका पुरावा नील सोडून गेल्यानंतरच्या वर्षांत सापडतो. वॉरिक डनचे १९९८ मध्ये १,०२६ यार्ड होते. नील टेनेसीला गेला आणि १९९९ मध्ये डन ६१६ वर आला. एडी जॉर्जने २००० मध्ये १,५०९ यार्ड केले; नील सिनसिनाटीला गेल्यावर २००१ मध्ये तो ३१५ वेळा धावूनही ९३९ वर अडला, म्हणजे प्रत्येक धावेला सरासरी तीनच यार्ड. कोरी डिलन १,३११ वरून ५४१ वर घसरला. टॉमलिन्सनची सरासरी २००७ मध्ये प्रत्येक धावेला ४.७ यार्ड होती, ती २००८ मध्ये ३.८ झाली. यात दुखापती आहेत, वय आहे, संघांतले इतर बदल आहेत, हे मला मान्य आहे. जॉर्ज आणि टॉमलिन्सन यांची पायाची बोटे दुखावलेली होती आणि डिलनही दुखापतीने बेजार होता. मरेलने तर जेट्स सोडून अॅरिझोनात गेल्यावर नीलशिवायही हजार यार्ड केले. तेव्हा हे गणिती सिद्धतेसारखे मांडता येणार नाही. पण एक माणूस संघ सोडून जातो आणि लागोपाठ चार संघांतला मुख्य धावपटू पुढच्याच वर्षी खाली येतो, हे मला अकरा वर्षांच्या गौरवशाली मालिकेपेक्षा जास्त विचार करायला लावते.

सिनसिनाटीचे उदाहरण आणखी एका कारणासाठी पाहण्यासारखे आहे. २००२ मध्ये त्या संघाने सोळापैकी फक्त दोन सामने जिंकले होते. इतक्या हरणाऱ्या संघातल्या, चेंडूला क्वचितच हात लावणाऱ्या खेळाडूकडे कोणाचे लक्ष जाण्याचे कारण नव्हते, पण प्रो बोलसाठी, म्हणजे हंगामातल्या निवडक सर्वोत्तम खेळाडूंच्या सामन्यासाठी, नीलची पहिली निवड त्याच वर्षी झाली. या निवडीत चाहत्यांबरोबर खेळाडू आणि प्रशिक्षकही मत देतात. ज्यांना त्याची धडक अंगावर झेलावी लागत होती, त्यांना त्याची किंमत तक्त्यांशिवाय कळत होती.

मग २००६ चा हंगाम आला. त्या वर्षी टॉमलिन्सनने १,८१५ यार्ड आणि एकूण ३१ टचडाउन केले, म्हणजे तितक्या वेळा चेंडू गोलरेषेपार नेला, त्यांतले २८ धावून. एका हंगामातील टचडाउनचा विक्रम मोडला, तेव्हा सहकाऱ्यांनी त्याला खांद्यावर उचलून घेतले आणि वर्षाच्या शेवटी सर्वोत्तम खेळाडूचा किताबही त्यालाच मिळाला. तो योग्यच होता. टॉमलिन्सनसारखी नजर आणि पाय फार थोड्यांना लाभतात. पण गोलरेषेजवळच्या त्या धावांची चित्रफीत पुन्हा पाहावी आणि या वेळी चेंडूकडे मुळीच लक्ष देऊ नये, असे मी आग्रहाने सुचवेन. ४१ क्रमांकाचा जाड मानेचा माणूस दर वेळी आधी त्या फटीत नाहीसा होतो, कोणीतरी उताणे पडते आणि मग टॉमलिन्सन, पुष्कळदा अंगाला कोणाचा हातही न लागता, आत जातो. त्या वेळी नील छत्तिशीचा झाला होता, आणि या जागेवरचे बहुतेक खेळाडू त्या वयाच्या कितीतरी आधी घरी बसलेले असतात.

त्याने चेंडू हातात घेतला आणि साऱ्या अमेरिकेने पाहिला, असा एक क्षण मात्र आहे. ८ जानेवारी २००० रोजी नॅशव्हिलमध्ये बफेलो बिल्सविरुद्ध टायटन्स १६-१५ असे मागे होते आणि सोळा सेकंद उरले होते. बफेलोने खेळ पुन्हा सुरू करताना लाथेने मारलेला आखूड चेंडू (किकऑफ) नीलने पकडला आणि शांतपणे फ्रँक वायचेकच्या हाती दिला. वायचेकने तो मैदानाच्या दुसऱ्या टोकाला केव्हिन डायसनकडे फेकला आणि डायसन ७५ यार्ड धावत गेला. अशा वेळी चेंडू पुढच्या दिशेने फेकणे नियमबाह्य असते; तो पुढे फेकला गेला की नाही यावर आजही वाद घातला जातो. त्या वादात वायचेक आणि डायसन यांची नावे येतात. आखूड, डळमळता चेंडू गर्दीत न सोडता पकडणाऱ्याचे नाव वाद घालणाऱ्यांपैकी बहुतेकांना आठवत नाही. त्याच महिन्याच्या अखेरीस टायटन्स सुपर बोल या अंतिम सामन्यात एका यार्डाने कमी पडले आणि नीलला ते विजेतेपद पुढेही कधी मिळाले नाही.

या कामाची किंमत शरीर मोजते, आणि ती सांगितल्याशिवाय फुलबॅकचे कौतुक करणे मला अप्रामाणिकपणाचे वाटते. डॅलस काउबॉइजच्या तीन विजेतेपदांत एमिट स्मिथच्या पुढे धावलेल्या डॅरिल जॉन्स्टनची कारकीर्द मानेच्या दुखापतीने संपली. पेट्रियट्स आणि ईगल्सकडून खेळलेल्या केव्हिन टर्नर या फुलबॅकला २०१० मध्ये एएलएस हा स्नायू निकामी करत जाणारा मज्जासंस्थेचा आजार झाल्याचे निदान झाले, डोक्याच्या दुखापतींबद्दल लीगविरुद्ध लढल्या गेलेल्या खटल्यात तो आघाडीचा वादी होता आणि २०१६ मध्ये वयाच्या ४६ व्या वर्षी तो गेला. मृत्यूनंतरच्या तपासणीत त्याच्या मेंदूत सीटीई हा डोक्याला वारंवार बसणाऱ्या धक्क्यांशी जोडला जाणारा विकार सर्वांत गंभीर अवस्थेत आढळला. नील सोळा हंगाम टिकला, यात त्याच्या कुस्तीतल्या तंत्राचा वाटा मोठा असेल, पण नशिबाचा वाटाही मी नाकारणार नाही.

हॉल ऑफ फेममध्ये ब्राउन आहे, झोंका आहे, मॅरियन मॉट्ली आहे. तिथले फुलबॅक चेंडू घेऊन धावणाऱ्यांच्या पिढ्यांतले आहेत. केवळ वाट काढून देण्याच्या बळावर कोणी तिथे पोचलेला नाही. एमिट स्मिथने २०१० मध्ये त्याच हॉलच्या मंचावरून जॉन्स्टनचे आभार मानताना अश्रू ढाळले, आणि जॉन्स्टन ते समोर बसून ऐकत होता. कृतज्ञता खरी होती, यात शंका नाही, पण प्रवेश स्मिथलाच मिळाला. दशकाच्या सर्वोत्तम संघात ज्याला जागा दिली, त्याच्यासाठी हॉलचे दार बंद ठेवणे मला तर्काला धरून वाटत नाही. आता संघ तीन-तीन रिसीव्हर, म्हणजे झेल घेणारे खेळाडू, घेऊन खेळतात आणि अनेक संघांत फुलबॅक ठेवतच नाहीत. सॅन फ्रान्सिस्कोचा काइल युशचिकसारखा एखादा टिकून आहे, तोही झेल घेता येतात म्हणून. निव्वळ अडवणाऱ्या फुलबॅकला सन्मान द्यायचाच असेल, तर नीलहून योग्य उमेदवार मला तरी दिसत नाही.

२००८ मध्ये, शेवटच्या हंगामात, नील बाल्टिमोर रेव्हन्सकडून खेळला. तिथे धावण्याचे काम तिघांत वाटलेले होते आणि सर्वाधिक यार्ड लरॉन मॅक्लेनने मिळवले: ९०२. हजाराची मालिका अशी तुटली. हा मॅक्लेन नोंदणीत स्वतः फुलबॅकच होता, आणि त्या वर्षी प्रो बोलसाठी फुलबॅक म्हणून निवड त्याची झाली.