ललिता पवार थपडेतून घडली नाही

बीडपासून नांदेडपर्यंतच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मजकूर अधूनमधून फिरत असतो. त्याचा मथितार्थ असा: सेटवर भगवानदादांची एक थप्पड बसली, डोळा गेला, ललिता पवारचं करिअर त्याच दिवशी आटोपलं, मग बिचारीने जन्मभर खाष्ट सासूच केली आणि रामायणातल्या मंथरेमुळे तेव्हा कुठे तिचं नाव झालं. यातली थप्पड खरी आहे. बाकीचं मीठ-मसाला.

थपडेपासूनच सुरू करू. साल १९४२, सिनेमा ‘जंग-ए-आजादी’. फटका जोरात बसला, चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, उपचार लांबले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. चेहरा हलवणारी नस कानाच्या पुढून गालाकडे जाते. पापणी मिटणं आणि ओठाचा कोपरा उचलणं, दोन्ही तिच्याच हातात. ती दुखावली की सावरायला महिनोन्महिने जातात, आणि अर्धवट सावरली तर बोलताना, हसताना त्या बाजूचा डोळा आपोआप बारीक होऊ शकतो. तेव्हा इजा किरकोळ नव्हती, हे कबूल. पण म्हणून करिअर आटोपलं? १९४४ला प्रभातच्या ‘रामशास्त्री’त आनंदीबाई कोणी केली? हीच. ‘ध’चा ‘मा’ करणारी ती बाई उभी करायची तर पडद्यावर धाक लागतो, आणि तो एका डोळ्याच्या जोरावर येत नाही.

त्याआधीचं तर मजकुरात औषधालाही नाही. जन्म १९१६चा. १९२८च्या मूकपटात पोरवयात पहिलं काम. १९३२च्या ‘कैलाश’ या मूकपटात ती नुसती नटी नव्हती, निर्मितीतही भागीदार होती, वय सोळा. १९३७ला ‘दुनिया क्या है’ हा बोलपट स्वतः काढला. सेटवर पैसा कसा जळतो हे जिला विशीत कळलं होतं, तिला ‘नशिबाने ढकललेली बिचारी’ म्हणणं म्हणजे तिची सगळी अक्कल खोडून टाकणं.

आता सासू. शांतारामबापूंच्या ‘दहेज’ (१९५०) मधली सासू छळवादीच आहे, त्यात वाद नाही. आपल्याकडे भांडणात अजून ‘सासू आहे का ललिता पवार’ म्हणतात, ते उगीच नाही. पण एक साधी तपासणी करा. ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ आणि ‘प्रोफेसर’ लागोपाठ पाहा. पहिला १९५५चा, दुसरा १९६२चा. दोन्हींत बाईचं नाव सीतादेवी, दोन्हींत ती कडक मावशी-आत्याच्या जागी. पहिली सीतादेवी पुरुषजातीवर खार खाऊन असलेली, सभा गाजवणारी शहरी पुढारीण. दुसरी घरातल्या पोरींना धाकात ठेवणारी. पण म्हाताऱ्याच्या वेषात शिकवायला आलेल्या शम्मी कपूरवर तिचाच जीव जडतो आणि ही करारी बाई नटायला, लाजायला लागते. डोळा तोच, मान आणि आवाज वेगळे. विनोद तिच्या लाजण्यात नाही, कडकपणा सुटू नये म्हणून चाललेल्या धडपडीत आहे. हे मोबाईलवरच्या अर्ध्या मिनिटाच्या तुकड्यात कळत नाही, कारण तुकडे कापणारा हमखास तिचं डाफरणंच कापतो.

आणि ‘अनाडी’ (१९५९)! मिसेस डिसा ही घरमालकीण राजला भाड्यासाठी खडसावते आणि पोटच्या पोरासारखं जपतेही. मायेचा एक शब्द सरळ बोलत नाही, सगळा ओरडण्यातून येतो. म्हणूनच ती विषारी औषधाने जाते आणि आळ राजवर येतो, तेव्हा सिनेमाचा कणाच मोडल्यासारखं होतं. या भूमिकेला सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. पुढे १९६१ला हृषीकेश मुखर्जींनी ‘मेम-दीदी’त तिला शीर्षक भूमिकाच दिली, वयाच्या पंचेचाळिशीत. त्याच साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. ‘आनंद’मधली मेट्रनही मुखर्जींचीच, आणि आडनाव पुन्हा डिसा. ‘श्री ४२०’ मधली केळेवाली तर सगळ्यांना पाठ आहे, फक्त मजकूर पुढे ढकलताना आठवत नाही.

मंथरेचं गणित सोपं आहे. दूरदर्शनवर रामायण १९८७ला आलं. रविवारी सकाळी गावात एका घरच्या टीव्हीपुढे पन्नास माणसं बसायची, त्यामुळे ओळख तिथूनच सुरू झाली असं त्या पिढीला वाटतं. पण तिने मंथरा १९६१च्या ‘संपूर्ण रामायण’ सिनेमातच केली होती. मालिकेत तिला घेतलं तेव्हा ती सत्तरीची होती आणि तो साचा तिचाच होता.

वैजापूर-गंगापूरकडे या मजकुराला एक शेपूट जोडतात: ‘आपल्या मराठवाड्याची लेक’. ती येवल्याची, माहेरचं नाव अंबा सगुण, वडील रेशमी-सुती कापडाचे व्यापारी. येवला वैजापूरला लागूनच आहे, पण तालुका नाशिक जिल्ह्यातला. तिच्या जन्मावेळी तर मध्ये सरहद्दच होती, वैजापूर निजामाकडे आणि येवला इंग्रजांच्या मुंबई इलाख्यात.