हिब्रूचे नवे शब्द केवळ धातूंतूनच घडले का?

हिब्रू भाषेविषयी एक मजकूर मराठी व्हॉट्सॲप-गटांत अधूनमधून फिरत असतो. दोन हजार वर्षे मृत असलेली ही भाषा एलिएझर बेन-येहुदा यांनी एकहाती जिवंत केली, प्रत्येक नवा शब्द प्राचीन त्रिवर्णी (तीन व्यंजनांच्या) धातूंतूनच घडवला आणि परका शब्द किंवा प्रत्यय आत येऊ दिला नाही, असा त्याचा आशय असतो. बेन-येहुदा यांचे कर्तृत्व थोर आहे यात वाद नाही. मात्र हा मजकूर हिब्रूच्या शब्दघडणीवर तपासून पाहिला, तर त्यातले एकही विधान जसेच्या तसे टिकत नाही.

भाषा मृत होती हे पहिले विधान. दैनंदिन बोलण्यातून हिब्रू गेली होती, पण तिच्यातले लेखन कधी थांबले नाही, आणि शब्द घडणेही थांबले नाही. मध्ययुगात अरबी तत्त्वज्ञानाचे ग्रंथ हिब्रूत आणणाऱ्या अनुवादकांनी ‘एख’ म्हणजे ‘कसे’ याला ‘-उत’ हा भाववाचक प्रत्यय लावून ‘एखुत’ (गुणवत्ता) आणि ‘कामा’ म्हणजे ‘किती’ यावरून ‘कामुत’ (परिमाण) असे शब्द केले. ‘एखुत’समोर नमुना होता तो अरबी ‘कैफिय्या’चा; आपल्या दफ्तरातली ‘कैफियत’ त्याच शब्दाची नातलग. हिब्रूचा अभ्यासही चालूच होता: स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी मुंबईत हिब्रू व्याकरणाची मूलतत्त्वे मराठीतून छापली ती 1832 साली, म्हणजे बेन-येहुदा यांच्या जन्माच्या 26 वर्षे आधी.

दुसरे विधान अधिक महत्त्वाचे, कारण त्यात अर्धे सत्य आहे. धातूची व्यंजने ठरावीक साच्यात बसवून शब्द करणे ही हिब्रूची जुनी रीत आहेच: ‘ख-श-व’ (विचार करणे, हिशेब करणे) यातून ‘मखशेव’ म्हणजे संगणक. परंतु तयार शब्दाच्या शेपटाला प्रत्यय जोडण्याची दुसरी रीतही तितकीच राबती आहे. बायबलातील ‘झिकारोन’ (स्मरण) या शब्दात ‘-ओन’ हा ‘झ-ख-र’ धातूच्या साच्याचाच भाग आहे. बेन-येहुदा यांनी मात्र तोच ‘-ओन’ ‘मिला’ (शब्द) या पूर्ण शब्दाला लावून ‘मिलोन’ (शब्दकोश) आणि ‘एत’ (काळ) याला लावून ‘इतोन’ (वृत्तपत्र) केले. पूर्वी नियतकालिकाला ‘मिख्ताव इती’, म्हणजे ‘कालिक पत्र’, असे दोन शब्द खर्चावे लागत. पुढे ‘इतोन’वर ‘-आई’ चढून ‘इतोनाई’ (पत्रकार) झाला. बायबलातील यहेज्केलच्या दृष्टान्तात ‘खश्मल’ हे एका तेजस्वी पदार्थाचे नाव आहे. आधुनिक हिब्रूत त्याचा अर्थ वीज झाला आणि ‘खश्मलाई’ म्हणजे वीजतंत्री. त्रिवर्णी धातूची अटही पाळली गेलेली नाही, कारण ‘मखशेव’मधला उपसर्गाचा ‘म’ धातूतच मुरून ‘म-ख-श-व’ हा चार वर्णांचा नवा धातू तयार झाला आणि त्यातून ‘मिखशुव’ (संगणकीकरण) आला. ‘टेलिफोन’चे तर ‘त-ल-फ-न’ असे चार वर्ण काढून त्याचे सरळ क्रियापद केले गेले.

परका प्रत्यय आत आला नाही, हे विधान सर्वांत कच्चे. किबुत्झमध्ये, म्हणजे इस्रायलमधील सामूहिक वसाहतीत, राहणारा तो ‘किबुत्झनिक’. यातला ‘-निक’ (रशियनसारख्या) स्लाव्ह भाषांतून आणि यिद्दिश या पूर्व युरोपातील ज्यूंच्या भाषेतून आलेला आहे. लष्करात आघाडीवर न जाता कचेरीत काम करणाऱ्या सैनिकाला ‘जॉबनिक’ म्हणतात, आणि या शब्दात इंग्रजी व स्लाव्ह तुकडे आहेत, हिब्रू तुकडा एकही नाही. लाडाने बोलताना ‘अबा’चा (बाबा) ‘अबाले’ होतो तो यिद्दिशच्या ‘-ले’ने. फारसीचा ‘-खोर’ घेऊन ‘भांडखोर’ म्हणणाऱ्या मराठी माणसाला यात नवल वाटू नये.

राहिले ‘एकहाती’. शब्द सुचवणाऱ्यांत शिक्षक, कवी, पत्रकार असे अनेक होते. 1890 साली स्थापन झालेली भाषासमिती आणि 1953 पासून तिची जागा घेणारी हिब्रू भाषा अकादमी हेच काम करीत आल्या. शिवाय बेन-येहुदा स्वतः शेजारच्या अरबीतून उचलायला मुळीच बिचकत नसत: ‘अदिव’ (सभ्य) आणि ‘रिश्मी’ (अधिकृत) हे त्यांचे शब्द अरबी ‘अदीब’ व ‘रस्मी’वरून आले आणि रुळले. टोमॅटोसाठी त्यांनी पुरस्कारलेला अरबी वळणाचा ‘बदुरा’ मात्र लोकांनी घेतला नाही. कामवासनेच्या अर्थाचा धातू असलेला ‘अगवानिया’ त्यांना अश्लील वाटे. आज इस्रायलच्या बाजारात तोच शब्द चालतो.