एक इयरफोन, चार पाय

इटलीतल्या फ्लॉरेन्सहून आल्यापासून जो तो विचारतो, ‘काय काय पाहिलंत?’ मी बॉतिचेल्लीचं नाव घेते, लिओनार्दोचं घेते, समोरचा समाधानाने मान हलवतो आणि विषय आंब्याच्या भावावर जातो. कुणी जरा खोदून विचारलं असतं तर खरं सांगितलं असतं. मी बाकं पाहिली. कुठल्या दालनानंतर बूड टेकायला जागा मिळते, कुठल्या बाकावर आधीच कुणीतरी डोळे मिटून ‘कलेत बुडालेलं’ असतं, हे मला झोपेतून उठवून विचारलंत तरी सांगता येईल.

या सगळ्याला कारण आमचे चिरंजीव. ते म्युनिकला असतात. मी आणि माझी नणंद त्याच्याकडे महिनाभर राहायला गेलो होतो. (यजमान पुण्यातच राहिले. त्यांचा गुडघा ऐन वेळी दुखायला लागला. आता वाटतं, किती हुशार गुडघा.) चिरंजीव म्हणाला, ‘आई, ग्रुप टूर नको. झेंडा धरलेल्या बाईच्या मागे पळायचं, दोन मिनिटं बॉतिचेल्ली आणि चाळीस मिनिटं चामड्याच्या पर्सचं दुकान. त्यापेक्षा तू आणि आत्या आपल्या आपण फिरा. आपल्या वेगाने.’ स्वतःला रजा नव्हती. पण पोरगं गुणी. तिकिटं काढली, वेळा ठरवल्या, आणि आम्ही वाटेत अडू नये म्हणून स्वतःच्या आवाजात तेरा व्हॉइस नोट रेकॉर्ड करून पाठवल्या. क्रमांक घालून.

आपल्या वेगाने! त्या झेंडेवाल्या बाईचे उपकार आम्हाला नंतर कळले. ती मधून मधून ‘चला’ म्हणते. आपल्या आपण फिरताना ‘चला’ म्हणणारं कुणी नसतं.

निदान वन्संबरोबर तरी नसतं. वन्सं कॉलेजच्या ग्रंथालयातून निवृत्त झालेल्या. सुरू केलेलं पुस्तक अर्धं टाकणारी माणसं त्यांना मनातून गुन्हेगार वाटतात. त्यात आमच्या सासरी पानात टाकायची पद्धत नाही. उफिझी या चित्रसंग्रहालयाचं तिकीट पंचवीस युरो, वर आरक्षणाचे चार, म्हणजे आपले अडीच हजाराच्या वर. एवढे पैसे मोजून वाढलेल्या पानात एक फोड जरी राहिली, तरी वन्संना त्या रात्री झोप लागणार नव्हती.

पहिल्या दिवशी आकादेमिया नावाचं संग्रहालय. तिथे डेव्हिड उभा आहे. पाच मीटर सतरा सेंटिमीटर. चिरंजीव कानात सांगत होता की हा संगमरवर आधी दुसऱ्याच एका शिल्पकाराने घडवायला घेतला आणि मध्येच सोडून दिला. मग कित्येक वर्षं तो दगड तसाच पडून होता. 1501 साली सव्वीस वर्षांच्या मायकेलअँजेलोने तो हातात घेतला. कुणीतरी आधीच चुकीचं बेतून ठेवलेल्या कापडातून शेरवानी शिवून दाखवण्यातला प्रकार. 1504 मध्ये पुतळा चौकात उभा राहिला आणि 1873 मध्ये छपराखाली आला.

लोक त्याचा चेहरा बघत होते, हात बघत होते, इतरही बघत होते. माझं लक्ष पावलांवर. 1991 साली एका माणसाने हातोडी घालून त्याच्या डाव्या पायाच्या बोटाचा टवका उडवला होता, ते मग सांधलं. शिवाय घोट्यांपाशी बारीक बारीक तडे गेलेत म्हणे.

‘पाचशे वर्षं उभा आहे,’ वन्सं म्हणाल्या. ‘घोट्याला दुसरं काय होणार?’ आणि पर्समधून क्रेप बँडेज काढून माझ्या हातात दिलं. अवघ्या सव्वा तासात माझं आणि डेव्हिडचं दुखणं एक झालं होतं.

दुसऱ्या दिवशी उफिझी. उफिझी म्हणजे ऑफिसं. 1560 पासून कोसिमो मेदिची नावाच्या ड्यूकने वासारी या वास्तुकाराकडून ही इमारत बांधून घ्यायला सुरुवात केली ती सरकारी कचेऱ्यांसाठी. हे कळल्यावर त्या लांबच लांब व्हरांड्यांचा उलगडा झाला. एका टोकाला अर्ज द्यायचा आणि सहीसाठी दुसऱ्या टोकाला जायचं, अशीच बांधणी आहे. चित्रं वरच्या मजल्यापासून सुरू होतात आणि त्यांचे मजले आपल्या दीडपट. लिफ्ट आहे. वन्सं म्हणाल्या, ‘इतकं काही वय झालेलं नाही.’ त्यांचं नसेल.

व्हॉइस नोट माझ्या फोनवर आणि इयरफोन एकच, तोही वायरीचा. डावं बोंडूक वन्संच्या कानात, उजवं माझ्या. वन्सं ढांगा टाकत चालणार, मी तुरुतुरु. औताला जुंपलेल्या दोन विजोड बैलांसारख्या आम्ही रेनेसाँसमध्ये शिरलो.

सुरुवातीच्या एका दालनात तीन प्रचंड चित्रं आहेत: चिमाब्यूएचं, दुच्चोचं आणि जॉत्तोचं. तिन्हींत येशूची आई मरीया सिंहासनावर, मांडीवर बाळ, भोवती देवदूत, मागे सोनं. मी एक नंबरची नोट लावली. छान माहिती होती. दुसऱ्या चित्रासमोर दोन नंबरची लावली. ‘बाळ मांडीवर आहे आणि सोन्याचा नुसता लखलखाट आहे बघ,’ चिरंजीव म्हणाला. बरोबर. तिसऱ्यासमोर तीन.

‘आता नाकाकडे बघ. वरच्या हाडाला खाच आहे. भाल्यांच्या खेळात उजवा डोळा गेला, म्हणून फक्त डावी बाजू रंगवलीय.’

आम्ही दोघी पुढे वाकलो. मरीया समोरून, दोन्ही डोळे धडधाकट, नाक सरळ.

‘भाल्यांच्या खेळात?’ मी म्हटलं.

‘काहीतरी रूपक असेल,’ वन्सं म्हणाल्या. ‘या लोकांत रूपकं फार.’

पुढे जेंतीले दा फाब्रियानो नावाच्या चित्रकाराचं 1423 सालचं चित्र. तीन राजे बाळाच्या दर्शनाला आलेत, मागे घोडे, माकडं, मुलूखभरची वरात. चार नंबर म्हणाला, ‘या तिघी हातात हात घालून नाचताहेत. पायाखाली शेकडो फुलं.’ राजे तीन होते, त्यामुळे संशय आला नाही. दाढ्या होत्या, पण नाटकात असतातच. फुलं मात्र सापडेनात. वन्संनी हार मानली नाही. कपाटामागे पडलेलं पुस्तक शोधावं तशी त्यांनी ती चित्रात सोडून चित्राच्या चौकटीवर शोधून काढली. खरोखर आहेत. चौकटीच्या खांबांवर बारीक बारीक फुलं रंगवलीत. एरवी ती मला जन्मात दिसली नसती.

मग उर्बिनोचा ड्यूक. पिएरो देल्ला फ्रान्चेस्काने काढलेला. लाल टोपी, लाल अंगरखा, चेहरा एका बाजूने, आपल्याकडे ढुंकूनही न बघणारा. समोरच्या चौकटीत त्याची बायको, गळ्यापर्यंत दागिन्यांत. मी पाच नंबर लावला.

‘ही आत्ताच समुद्रातून वर आलीय,’ माझा मुलगा म्हणाला. ‘अंगावर चिंधी नाही. लांब केसांनी लाज राखलीय.’

वन्संनी आधी बायकोकडे पाहिलं, मग ड्यूककडे, मग माझ्याकडे. आणि तेव्हा मला ड्यूकच्या नाकावरची ती खाच दिसली.

चिरंजीवाने तिन्ही मरीया मिळून एकच नोट केली होती. आम्ही प्रत्येकीला एकेक खर्ची घातली आणि तिथून दोन पायऱ्या पुढे धावत सुटलो. मला तर हसून हसून बाकाची गरज लागली. वन्सं गंभीर. ‘वहिनी, चुकीच्या कार्डावर नोंद झालीय,’ त्या म्हणाल्या. ‘पहिल्यापासून लावावं लागेल.’ आणि डाव्या कानाने मला ओढत त्या उलट्या निघाल्या. तीन मरीयांपर्यंत परत. मागून येणाऱ्या सबंध गर्दीच्या विरुद्ध.

दुसऱ्या खेपेला पाच नंबर वाजला तेव्हा समोर खरी व्हीनस होती. बॉतिचेल्लीची, शिंपल्यावर उभी, पोस्टकार्डांवर आणि उशांच्या अभ्र्यांवर पाहिलेली. गर्दी एवढी की आधी लोकांचे वर धरलेले फोन दिसतात आणि प्रत्येक फोनात एकेक छोटी व्हीनस. मी चवड्यांवर उभी राहून पाहिलं. मान खरोखरच नको तेवढी लांब आहे आणि डावा खांदा कुठे सुरू होतो ते कळत नाही, तरी काही बिघडत नाही. ‘ही पण उभीच,’ एवढंच माझ्या मनात आलं.

वन्संना खरा सूर सापडला तो मरीयेला निरोप मिळण्याच्या चित्रांत. गॅब्रिएल देवदूत हातात कमळासारखं पांढरं फूल घेऊन येतो आणि ‘तुला मूल होणार’ असं सांगतो. हा प्रसंग इतक्या जणांनी रंगवलाय की चौथ्या वेळेस ‘तिला माहितीये हो’ असं त्याला सांगावंसं वाटतं. पण जवळजवळ प्रत्येक वेळी मरीया वाचत असते, आणि देवदूत व्यत्यय आणतो. ग्रंथपालाला याहून काय हवं? सिमोने मार्तीनीच्या 1333 सालच्या चित्रात ती अंग चोरून, नाराज होऊन बसलीय. वन्सं एकदम उजळल्या. ‘बघ, पुस्तकात अंगठा घालून ठेवलाय! पान हरवू नये म्हणून. कोपरा दुमडलेला नाही.’ लिओनार्दोची मरीया त्याने विशीच्या आसपास काढली. तिचा उजवा हात पुस्तकापर्यंत पोचता पोचता जरा जास्तच लांब झालाय. जाणकार याला चूक म्हणतात, कुणी म्हणतात चित्र उजवीकडून बघायचं होतं. वन्सं म्हणाल्या, ‘वाचणाऱ्या बाईला निरोप दिला की ती एक हात पुस्तकावर ठेवतेच.’

संतांचीही त्यांनी वर्गवारी लावली. आपण उंदरावरून गणपती आणि मोरावरून कार्तिकस्वामी ओळखतो, तशी इथे प्रत्येकाची खूण असते. किल्ल्या पीटरच्या, चाक कॅथरीनचं, सिंह जेरोमचा, अंगभर बाण सेबास्टियनच्या, ताटलीत दोन डोळे ल्युसीच्या, आणि पापड भाजायची असावी तशी जाळी लॉरेन्सची. त्याला तीवरच भाजलं होतं. दोन तासांत वन्सं दारातूनच हजेरी घेऊ लागल्या. ‘पीटर, कॅथरीन, तो जाळीवाला, आणि... वहिनी, ही मनोरा घेतलेली कोण?’ ती बार्बरा. पण हे कळायला मला भिंतीवरची पाटी वाचावी लागली, आणि पाटी वाचायला उठावं लागलं.

गच्चीवरच्या कॅफेत चिरंजीवाचा इशारा ऐकला. फ्लॉरेन्समध्ये इतकं सौंदर्य बघून काही पर्यटकांना घेरी येते, छाती धडधडते. इथल्याच एका मनोविकारतज्ज्ञ बाईंनी या दुखण्याला स्तांदाल या फ्रेंच लेखकाचं नाव दिलंय, कारण त्याला 1817 मध्ये सांता क्रोचे चर्चमधून बाहेर पडताना तसंच झालं होतं. मी नाडी बघितली. धडधडत होती. घेरीही होती. पण सकाळी सातला खाल्लेला एक ब्रेड आणि आत्ता वाजलेले दोन, यांचाही काही हात असावा.

तिथेच आना मारिया लुइसा मेदिचीचीही गोष्ट कळली. घराण्यातली शेवटची. 1737 मध्ये तिने करारच करून टाकला की मेदिचींची ही दौलत फ्लॉरेन्सबाहेर जायची नाही. केवढी दूरदृष्टी, सगळे म्हणतात. मीही म्हणते. पण ती थोडी वेंधळी निघती, तर ही चित्रं दहा गावांत पांगली असती आणि माणसाने पाय शाबूत ठेवून, एका वर्षी एक गाव, अशी पाहिली असती.

खालच्या मजल्याबद्दल फारसं विचारू नका. तिशियन होता, इतरही बडे होते, आम्ही त्यांच्यासमोरून लग्नात वयस्कर पाहुण्यांपुढून जावं तशा मान झुकवत गेलो. काराव्हाज्योची मेडुसा तेवढी लख्ख आठवते. ढालीवर रंगवलेलं छाटलेलं डोकं, केसांच्या जागी साप, आणि आ वासलेलं तोंड. वन्संनी फोटो काढला. फोटोत काचेवर माझंही तोंड उमटलंय. घरी दोन्हींत फरक ओळखायला सांगते.

तिसऱ्या दिवशी सकाळी मी बंड केलं. ‘वन्सं, आज मी हॉटेलातच वाचत पडते.’

‘एकच नोट राहिलीय,’ वन्सं म्हणाल्या. ‘तेरावी.’ ग्रंथपालासमोर शेवटचं पान शिल्लक ठेवण्याची माझी छाती झाली नाही.

तेरावी नोट सान मार्कोच्या मठाची. तिथे फ्रा अँजेलिको नावाच्या साधू चित्रकाराने आपल्या बरोबरच्या साधूंच्या कोठड्यांमध्ये चित्रं काढलीत. चाळीसच्या वर कोठड्या आणि प्रत्येकीत भिंतीवर एक चित्र. एका माणसाला एक. त्या व्यवस्थेबद्दल मला फार आदर वाटला. पण कोठड्यांपर्यंत पोचायला जिना, आणि जिन्याच्या शेवटच्या टप्प्यावर आलं की समोरच्या भिंतीवर पुन्हा तोच प्रसंग. देवदूत आणि मरीया.

गर्दी नव्हती. सकाळचं ऊन, आणि देवदूताच्या पंखांना मोरपिशी पट्टे. कानात चिरंजीव हळू आवाजात म्हणाला, ‘आई, चित्राच्या खाली लॅटिनमध्ये लिहिलंय: इथून जाताना मरीयेला नमस्कार घालायला विसरू नका.’

वन्संनी लगेच हात जोडले. मी हात जोडले, आणि त्याच झटक्यात पायरीवर बसून बूट काढले. उजव्या करंगळीला फोड आला होता. राखणदार वरून बघत होता. वन्संनी त्यालाही नमस्कार केला. तो दुसरीकडे बघायला लागला.

बराच वेळ वन्सं चित्र निरखत होत्या. डाव्या कोपऱ्यातलं कुंपण, कमानी, मरीयेच्या छातीशी दुमडलेले हात. मग कपाळाला आठ्या घालून म्हणाल्या, ‘वहिनी, हिच्याकडे पुस्तक नाही गं.’

‘नसू दे,’ मी बोटं हलवत म्हटलं. ‘स्टूल आहे.’