वस्तीतल्या पोट्ट्याची चारित्र्य पडताळणी

आमच्या गावात मोटारपंपाची केबल चोरीला गेली की पहिलं नाव नागपूरहून आलेल्या पोट्ट्याचं निघते. "वस्तीतला आहे नं बाप्पा तो!" एवढाच पुरावा.

नागपूरच्या त्या झोपडपट्टीत राहायला गेलं कोण? आपल्याच घरची माणसं. कोरडवाहू तीन एकरात भागत नाही, कापसाची वेचणी संपली की हाताला काम नाही. म्हणून बाप सेंट्रिंगवर, माय धुणीभांड्याला. नाल्याकाठी टिनाची खोली. दोघं दिवसभर बाहेर अन् पोरगं चौकात. तिथं त्याला जवळ करणारा मास्तर नसतो, दारूच्या पेट्या पोचवायला सांगणारा दादा असतो. दादा अल्पवयीन पोरगंच हेरतो, कारण पोराला जेल होत नाही हे दादाला पक्कं माहीत असते. 2004 मध्ये नागपूरच्या कस्तुरबानगरच्या बाया अक्कू यादव या गुंडावर भर कोर्टात तुटून पडल्या, कारण त्याचा जाच त्या वस्तीनंच वर्षानुवर्षं सोसला होता. गुंडाचा पहिला मार वस्तीलाच बसतो. तरी बदनाम तीच.

आमच्याकडे असाच एक पोट्टा आबाजीजवळ राहायला आला आहे. पहाटे फाट्यापर्यंत डांबरी रोडवर धावतो, सोळाशे मीटरची तयारी. बूट फाटला तर सुतळीनं बांधला. संध्याकाळी वावरात गोळाफेक. पण पोलीस भरतीचा फॉर्म भरत नव्हता. सोळाव्या वर्षी मोबाईल चोरीच्या प्रकरणात नाव आलं होतं. अल्पवयीन पोरांची प्रकरणं पाहणाऱ्या बाल न्याय मंडळानं ते निकाली काढलं, पण ठाण्यातलं कोणी तरी म्हणालं, "तुझं आता काही होत नाही." त्यानं तोच कायदा मानला.

कायदा उलटा आहे. बाल न्याय अधिनियम 2015, कलम 24: अशा मुलाला त्या गुन्ह्यामुळे पुढं कुठलीच अपात्रता लागत नाही. (सोळा वर्षांवरच्या ज्याच्यावर गंभीर गुन्ह्यासाठी प्रौढ म्हणून खटला चालतो, त्याचं वेगळं.) कलम 74: निकाली निघालेल्या प्रकरणाची नोंद पोलिसांनी चारित्र्याच्या दाखल्यासाठी उघड करायची नाही. 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयानंही केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाच्या एका उमेदवाराच्या बाजूनं हेच सांगितलं.

हे ग्रामपंचायतीच्या फलकावर लागलं पाहिजे. तुमच्या ओळखीत असा कोणी असेल, तर मंडळाच्या आदेशाची प्रत काढायला त्याच्यासोबत जा. एकटा गेला तर गेटवरूनच परत येते. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात गरिबाला वकील फुकट मिळतो. आमच्यावाल्यासोबत मी सोमवारी चाललो आहे.