आजी पळत नव्हती

जेवताना दांडीयात्रेवरचा एक माहितीपट लावला आणि अर्ध्यात बंद केला. भाजी गार झाली ती झालीच.

साठीचे गांधीजी तुरुतुरु पळताहेत, मागची माणसं चॅप्लिनसारखी. वर रंग फासलेला, पंचा चक्क निळसर. समुद्र यायच्या कितीतरी आधी लाटांचा आवाज. आणि जरा पुढे तीच गर्दी, तोच डावीकडचा छत्रीवाला, 1942 म्हणून! कुणाला कळतंय, नाही का?

गांधीजी झपाझप चालायचे, मान्य. 24 दिवसांत 385 किलोमीटर रमतगमत होत नाहीत. पण मूक कॅमेरा सेकंदाला साधारण 16-18 फ्रेम टिपायचा. त्या तशाच 24-25 च्या वेगाने सोडल्या की माणसं पळणारच. एवढंही बघायचं नाही?

मला हे आजीमुळे कळलं. आत्याच्या लग्नात, 1974 साली, काकाने सुपर एटवर, म्हणजे घरगुती फिल्म कॅमेऱ्यावर, शूटिंग केलेलं. रीळ ट्रंकेत. उघडली तर व्हिनेगरसारखा आंबूस वास, म्हणजे फिल्म सडायला लागलेली. घाबरून एका दुकानात डिजिटल करायला दिली. परत आलं ते बघते तर आजी अंगणातून धावतेय. गुडघ्यांनी बेजार झालेली माझी आजी! वर सनई चिकटवलेली. आणि ती कॅमेऱ्याकडे बघून पदर तोंडाशी धरते तो तुकडाच गायब. दुकानदार म्हणतो, "ताई, तो हलत होता, लोक बोअर होतात."

लोक कुठले, बाबा? आमच्या घरचीच माणसं बघणार होती.

आपल्याकडे उरलंय तरी किती? आपल्याकडे अगदी सुरुवातीला कॅमेरा हाती घेणाऱ्या सावेदादांनी 1899 मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनला कुस्ती टिपली, त्यातलं आज काही नाही. 2003 मध्ये पुण्यात नायट्रेटची, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या जुन्या फिल्मची, रिळं जळाली. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं करणाऱ्या पी. के. नायरांसारख्या माणसाने दारोदार फिरून डबे गोळा केले म्हणून फाळक्यांचं थोडंफार आपण बघू तरी शकतो. आणि हे लोक ते फूटेज निवेदनामागे पडद्यासारखं टांगतात. कुठलं, कधीचं, कुणी टिपलं, एक ओळ नाही.

रंगवलेलं बघून पोरं निदान बघतात, असं भाचा म्हणतो. बरं, बघतात. दिग्दर्शक पीटर जॅक्सननेही पहिल्या महायुद्धाचं फूटेज रंगवलं. पण त्याने आधी वेग जुळवला, ओठ वाचणारी माणसं बसवून शिपाई काय बोलताहेत ते शोधलं. तेवढे कष्ट घ्या, मग रंगवा खुशाल. (मला तरीही काळंपांढरंच आवडतं. असो.)

चिडून फार लिहिलं.

आजीचा तुकडा सापडला, बरं का. कापला होता तो फक्त कॉम्प्युटरवर, रिळात होताच. दुसऱ्या एका मुलाने 18 च्या वेगाने, सनईबिनई न लावता करून दिला. आता आजी दुखऱ्या गुडघ्यांनी सावकाश येते, थांबते, पदर धरून काहीतरी म्हणते. आवाज नाहीच. आत्या म्हणते, "अरे, आधी पाहुण्यांचं बघ" म्हणतेय. बाबा म्हणतात, छे, ती काकाला शिव्या घालतेय. दर दिवाळीला यावरून भांडण होतं.