भाव कधीचा?

माझ्या सासऱ्यांना शेअर बाजारात कधी मोठा तोटा झालेला नाही. झाला असता तर बरं झालं असतं, असं म्हणणं जावयाला शोभत नाही. पण तोटा झालेला माणूस निदान गप्प बसतो. आमचे मामा, म्हणजे हेच सासरे, नफ्यातही नाहीत आणि तोट्यातही नाहीत. ते अपडेटमध्ये आहेत.

सोलापूरच्या एका गिरणीत हिशेब खात्यात त्यांची नोकरी झाली. बाजाराचा नाद तेव्हापासूनचा. पेपर आला की शेअरच्या पानावरचे मुंगीएवढे आकडे बोट फिरवत वाचायचे. ते भाव आदल्या दिवशीचे असत. एखादा आकडा छापताना पुसला जाई. पण म्हणून मामांनी संपादकांना कधी पोस्टकार्ड टाकलं नाही. मग सकाळी फिरायला जाणाऱ्या मंडळींपैकी कुणीतरी त्यांना फोनवर स्क्रीनर शिकवला. पी/ई (म्हणजे शेअरचा भाव भागिले प्रति शेअर नफा) पंधराच्या आत, कर्ज कमी, विक्री वाढती, अशा अटी घातल्या की हजारो कंपन्यांतून तेवढ्याच गाळून समोर येतात. गाळून आलेल्या कंपन्या मामा बघतात आणि उरलेला गाळ माझ्या वाट्याला येतो.

फोनची वेळ ठरलेली, दुपारी साडेतीन. नेमकं तेव्हाच मी काम करतो त्या चादरीच्या दुकानात पुण्याचं एखादं गिऱ्हाईक चादरीची घडी विस्कटून “ही खरी सोलापुरी आहे ना?” असं सोलापुरातच उभं राहून विचारत असतं.

“जावईबापू, बाजार बंद झाला ना?”

“झाला, मामा.”

“मग हा भाव हलतोय कसा? आत्ता 412.60 होता, आता 411.85 झाला. रात्रपाळी सुरू केली का?”

मी गिऱ्हाईकाला खुणेने थांबायला सांगतो. शेवटचा सौदा ज्या भावाने झाला तो वेगळा आणि बाजाराचा अधिकृत बंद भाव वेगळा. बंद भाव म्हणजे तीन ते साडेतीन या अर्ध्या तासातल्या सौद्यांची सरासरी, तीही ज्या भावाला जास्त शेअर फिरले त्याला जास्त वजन देऊन काढलेली. सौदे थांबल्यावर ती लागते, म्हणून आकडा हलल्यासारखा वाटतो. शिवाय एनएसई आणि बीएसई हे दोन बाजार, एकाची सरासरी वेगळी, दुसऱ्याची वेगळी.

“बरं. मग स्क्रीनरवर 408 का?”

“तो कालचा आहे, मामा. आजचा संध्याकाळी येईल.”

“म्हणजे एका शेअरचे चार भाव, आणि चारही खरे?”

“चारही.”

“आमच्या खात्यात असा ताळेबंद कुणी दिला असता ना, तर साहेबांनी त्याला गिरणीच्या भोंग्यावर बसवला असता.”

एवढ्यावर भागलं असतं. पण मामांना अंगठ्याने पान खाली ओढायची सवय लागली आहे. पान ओढलं की गोल चक्र फिरतं, थांबतं, आणि तेच आकडे परत येतात. ते चक्र फिरल्यावर पलीकडे काहीतरी घडतं, अशी त्यांची ठाम श्रद्धा. ते जेवताना ओढतात, शेंगा चटणी लागलेल्या बोटानेही ओढतात. सासूबाई म्हणतात, एवढं दोरखंड ओढलं असतं तर एखाद्या देवाचा रथ पंढरपूरपर्यंत गेला असता.

शेवटी सोलापूरकराला कळेल अशा भाषेत सांगून पाहिलं. “मामा, एक्सचेंज, म्हणजे जिथे सौदे होतात तो बाजार, हे आपलं उजनी धरण समजा. तिथून चोवीस तास थेट पाइप हवा असेल तर एक्सचेंजला भरपूर पैसे मोजावे लागतात, मग दलालाच्या ॲपवर भाव क्षणाक्षणाला वाहतो. फुकटच्या बऱ्याच साइटवर तेच पाणी पंधरा मिनिटं उशिरा येतं. आणि आपला स्क्रीनर रोज संध्याकाळी एकदाच टाकी भरतो. बाजार उठल्यावर एक्सचेंज दिवसभराच्या सगळ्या भावांची फाइल काढतं, तिला भावकॉपी म्हणतात. ती उतरवून घ्यायची, तिच्यावरून सगळ्या कंपन्यांचं गणित पुन्हा मांडायचं. मधल्या वेळात तुम्ही नळ कितीही पिळा, टाकीत असेल तेच येणार.”

मामा विचारात पडले. मला वाटलं, पोचलं.

“उजनी उन्हाळ्यात मायनसमध्ये जाते,” ते म्हणाले. “तेव्हा हे काय करतात?”

खरी गंमत भावात नाहीच. भाव बिचारा फार तर एक दिवस शिळा असतो. स्क्रीनरवर कंपनीची एक ओळ दिसते, आणि सगळे खण एका रांगेत असल्यामुळे सगळे एकाच दिवसाचे आहेत असं वाटतं. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात ती ओळ उघडून बघा. भाव कालचा. प्रवर्तकांचा, म्हणजे कंपनी उभी करणाऱ्या मंडळींचा, हिस्सा 30 जूनचा, कारण तो तिमाही संपल्यावर 21 दिवसांत कळवावा लागतो. नफा मात्र बऱ्याचदा मार्चपर्यंतचा, कारण तिमाहीचे निकाल द्यायला 45 दिवसांची मुदत असते आणि कित्येक कंपन्या 14 ऑगस्टच्या तोंडावरच जाग्या होतात. कर्ज 31 मार्चचं, आणि ते नोव्हेंबरपर्यंत तसंच राहू शकतं, कारण ताळेबंद सहा महिन्यांनी एकदाच द्यायचा. वार्षिक निकालांची मुदत 60 दिवस, म्हणजे 30 मे. सोलापुरात तेव्हा डांबर पातळ होतं, आणि मामा पंख्याखाली बनियनवर बसून लेखापरीक्षित आकड्यांची वाट बघतात.

आणि मग या कालच्या भावाला त्या मार्चच्या नफ्याने भागून जो पी/ई येतो, तो दोन दशांशांपर्यंत लिहिलेला असतो. मला त्या दशांशांचं फार कौतुक वाटतं.

एका कंपनीने एकास एक बोनस दिला तेव्हा तर घरात आनंदीआनंद झाला. शेअर दुप्पट झाले, म्हणून त्या सकाळी भाव बाजारातच निम्मा झाला. संध्याकाळी स्क्रीनरने नवा भाव घेतला, पण प्रति शेअर नफ्याचा आकडा अजून जुनाच होता. पी/ई अठ्ठावीसवरून चौदावर आला. कंपनी मामांच्या चाळणीतून अलगद गाळून त्यांच्या यादीत आली. शिवाय ‘वर्षाच्या नीचांकाजवळ’ या यादीतही मानाने जाऊन बसली. मामांनी पुण्याच्या मेहुण्याला, लातूरच्या साडूंना आणि दूधवाल्याला कळवलं की चांगली कंपनी निम्म्या किमतीत चालली आहे. दोन दिवसांनी आकडे दुरुस्त झाले, पी/ई परत अठ्ठावीसवर गेला.

“महाग झाली,” मामा हळहळले. “मी म्हटलंच होतं.”

एकाच कंपनीचे दोन साइटवर दोन पी/ई का, हा प्रश्न सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत आला. एक जण एकट्या कंपनीचा नफा धरतो, दुसरा उपकंपन्यांसकट. हे मी नंदीध्वजांच्या गर्दीत, हलग्यांच्या आवाजात, ओरडून सांगितलं. संक्रांतीच्या सुमाराला मोठ्या आयटी कंपन्यांचे निकाल येतात आणि आमच्याकडे अक्षता सोहळा, म्हणजे देवाचं लग्नही तेव्हाच असतं, याला कुणाचा इलाज नाही. सगळं मैदान अक्षता टाकत होतं. मामांच्या डाव्या मुठीत अक्षता होत्या, उजव्या हातात फोन, आणि अंगठा पान ओढत होता. शेजारच्या पोराने बघितलं आणि म्हणाला, “काय बे काका, देवाच्या लग्नात पण रेंज बघतोय का?”

आता मामांनी जुन्या खात्यातल्यासारखी लाल कापडी बांधणीची वही केली आहे. प्रत्येक आकड्यापुढे एक खण जास्तीचा, त्यावर मथळा: ‘कधीचा’. हे काम मात्र झकास आहे, कबूल केलं पाहिजे. वाईट एवढंच की तो खण त्यांच्या बोलण्यातही शिरला. भाजीवालीने मेथी ताजी म्हटलं की “कधीची?” माझ्या बायकोने सांगितलं, यांना बढती मिळणार आहे, तर “ही बातमी कधीची?” त्या खणात माझ्यासमोर काय लिहिलंय, हे मी अजून विचारलेलं नाही.

परवा फोन आला, तोही साडेतीनला नाही, रात्री जेवणानंतर.

“जावईबापू, अमेरिकेचे शेअर म्हणे इथून घेता येतात. त्यांचा बाजार आपल्या संध्याकाळी सातला उघडतो आणि रात्री दीडला बंद होतो. थंडीत एक तास उशिरा.”

“हो, मामा.”

“म्हणजे बंद भाव दीडनंतर लागणार. तुम्ही जागे असता ना तेव्हा?”

मी म्हटलं, पाण्याची पाळी असेल त्या रात्री असतो.

“मग पाळीचे वार सांगा,” मामा म्हणाले. “वहीत लिहून ठेवतो.”